त्सुकिजी: रांगा एकीकडे, बाजार दुसरीकडे

तोक्योच्या त्सुकिजी बाजारात फिरायला तिकीट लागत नाही. मेट्रोतून उतरायचं, गल्ल्यांत शिरायचं, दिसेल ते विकत घेऊन खायचं. त्यामुळे मी तिथली गाइडसकट फूड टूर घ्यायची म्हटल्यावर दादाने फोनवरच हात जोडले. तो निशिकासाईला राहतो, तोक्योतल्या भारतीयांच्या वस्तीत. "माणशी बारा-तेरा हजार येन? बाजार बघायला? अगं, मी फुकट दाखवतो की." बारा-तेरा हजार येन म्हणजे आपले सातेक हजार रुपये, खाणं धरून. त्याचं म्हणणं चूक नव्हतं. पण दादा मासे घेतो सुपरमार्केटातून, प्लास्टिकच्या ट्रेमधले, आणि माझ्याबरोबर आई होती. आई मूळची मालवणची. बाजार नुसता बघून तिचं भागत नाही, तिला दहा प्रश्न विचारायचे असतात. ते प्रश्न दुकानदारापर्यंत पोचवणारं माणूस हवं होतं, त्याचे ते पैसे.

बुकिंग करताना वार सांभाळावा लागतो. रविवारी बहुतेक दुकानं बंद आणि बऱ्याच बुधवारीही पुष्कळ शटरं खाली. शिवाय दुपारी दोनपर्यंत सगळं आटोपतं, म्हणून टूर सकाळच्याच. फॉर्मवर विचारलं होतं: कच्चा मासा चालेल का, शिंपल्यांची ॲलर्जी आहे का, दारू चालेल का. वहिनी शाकाहारी. तिच्यासाठी वेगळं काही जमेल का असं मी कळवलं, तर उत्तर आलं की भाज्या, लोणची, अंडं मिळेल, पण त्यातल्या पाण्यात मासा नसेल याची हमी देता येणार नाही. वहिनीने ते वाचलं आणि घरी राहते म्हणाली. मला ते उत्तर जरा तुसडं वाटलं होतं. टूरच्या पहिल्या तासातच ते किती प्रामाणिक होतं हे कळलं.

जमायचं होतं साडेआठला, हिबिया लाइनच्या त्सुकिजी स्टेशनजवळ, होंगान-जी या बौद्ध मंदिराच्या पायऱ्यांवर. हे मंदिर बघून मराठी माणूस थबकतोच. दर्शनी भिंतीवर मधोमध चैत्याची ती पिंपळपानासारखी कमान. कार्ल्याला, अजिंठ्याला पाहिलेली. दिसायला सगळं दगडी, जपानी मंदिरांची लाकडी कौलारू तऱ्हा कुठेच नाही. वास्तुकार इतो चूता विसाव्या शतकाच्या सुरुवातीला चीन, भारत, तुर्कस्तान असं फिरून आलेला माणूस. त्याने हे १९३४ मध्ये पुरं केलं. आधीचं लाकडी मंदिर १९२३ च्या भूकंपानंतरच्या आगीत गेलं होतं. आई म्हणाली, "म्हणजे आपल्याकडचं बघून गेला." गाइडबाईंना मी हे इंग्रजीतून सांगितलं, तर त्यांनी लगेच मान डोलावली.

गाइडबाई पन्नाशीच्या. लग्नाआधी इथल्याच एका घाऊक व्यापाऱ्याकडे हिशेब लिहायच्या. आमच्या गटात आठ जण: ऑस्ट्रेलियातलं एक कुटुंब, सिंगापूरची दोन पोरं, एक फ्रेंच मुलगी, आणि आम्ही दोघी. सुरुवातीलाच एकाने विचारलं की टूनाचा लिलाव बघायला मिळणार का. बाईंना रोज हा प्रश्न येत असावा. लिलाव इथे होत नाही. त्सुकिजीचे दोन भाग होते, आतला आणि बाहेरचा. आतला म्हणजे घाऊक बाजार, जिथे पहाटे लिलाव व्हायचा. तो १९३५ साली सुरू झाला आणि ६ ऑक्टोबर २०१८ ला बंद झाला. पाच दिवसांनी, ११ ऑक्टोबरला, तो दोन-अडीच किलोमीटरवरच्या तोयोसूला नव्या वातानुकूलित इमारतींत सुरू झाला. खरं तर हे स्थलांतर २०१६ च्या नोव्हेंबरात व्हायचं होतं. तोयोसूला पूर्वी गॅसचा कारखाना होता, जमिनीत विषारी द्रव्यं सापडली, म्हणून लांबलं. लिलाव आता तिथे बघतात, जवळून बघायला आधी सोडतीत नाव लागावं लागतं. २०१९ च्या पहिल्या लिलावात २७८ किलोचा एक टूना ३३ कोटी ३६ लाख येनना गेला, तो तोयोसूतलाच. वर्षाचा पहिला मासा म्हणून ती बोली. त्यात माशाची किंमत थोडी आणि जाहिरातीची जास्त.

बाहेरचा बाजार मात्र हलला नाही. चारशेच्या आसपास दुकानं, अरुंद गल्ल्या, वर पत्र्याच्या झडपा. ही जागा मुळात समुद्र होती. १६५७ च्या मोठ्या आगीत एदो शहर, म्हणजे जुनं तोक्यो, जळालं, होंगान-जीचं आधीचं मंदिरही जळालं, आणि शोगुनाने, म्हणजे तेव्हाच्या सत्ताधीशाने, बदली जागा म्हणून पाणी दिलं. जवळच्या त्सुकुदा बेटावरचे कोळी होंगान-जीच्या पंथाचे भक्त, त्यांनी भराव घातला. मंदिराभोवती पुढे छोटी छोटी मंदिरं उभी राहिली. १९२३ च्या भूकंपात तीही गेली आणि बहुतेक दुसरीकडे हलली. त्याच भूकंपात निहोनबाशीचा तीनशे वर्षांचा मासळी बाजारही मोडला आणि इकडे आला. मंदिरांच्या मोकळ्या जागांवर दुकानं आली. म्हणून आजही मसाल्याच्या दुकानाला लागून एखादं देऊळ मध्येच दिसतं.

मग नियम. चालता चालता खायचं नाही. ज्या दुकानातून घेतलं त्याच्यासमोर उभं राहून संपवायचं, काडी आणि कागद त्याच दुकानदाराला परत द्यायचा. रस्त्यावर कचऱ्याचे डबे जवळपास नाहीतच. मासळीला हात लावायचा नाही. भाव करायचा नाही. शेवटचे दोन मुद्दे मी आईला सांगितले तेव्हा तिचा चेहरा पाहण्यासारखा झाला. "हात लावायचा नाही, भाव करायचा नाही, मग बाजारात करायचं काय?"

मुख्य गल्लीत शिरल्या शिरल्या रांगाच रांगा. वाग्यू बीफच्या काड्या, खेकड्याचा हातभर लांब भाजलेला पाय, शिंपल्यावर उनी, म्हणजे सी अर्चिन या काटेरी समुद्री जिवाचा आतला गर, आणि उनीवर गॅसचा जाळ. सिंगापूरची पोरं तिकडे वळली तशी बाईंनी हात आडवा केला. म्हणाल्या, हे शेवटी, पोटात जागा उरली तर. आणि आम्हाला घेऊन गेल्या एका काळपट, रांग नसलेल्या दुकानात. तिथे खोक्यांतून लाकडाचे ढलपे ठेवल्यासारखं काहीतरी होतं आणि धुराचा वास.

ती कात्सुओबुशी. कात्सुओ म्हणजे कुप्याच्या, अर्थात टूनाच्या, जातीतला छोटा मासा. त्याचे उभे तुकडे उकडतात, काटे काढतात, मग लाकडाच्या धुरावर दिवसेंदिवस सुकवतात. उंची प्रतीच्या मालावर त्यानंतर मुद्दाम बुरशी चढवतात, उन्हात ठेवतात, खरवडतात, पुन्हा चढवतात. असं काही महिने. आतलं पाणी बुरशी शोषून घेते. दुकानदाराने दोन तुकडे एकमेकांवर आपटले, खणखणीत आवाज आला. आईने "हात लावू का?" असं खुणेने विचारलं, त्याने तुकडा तिच्या हातात दिला. तिने वास घेतला, नखाने टोकरून पाहिलं. लक्षद्वीपला मिनिकॉयमध्ये 'मास' करतात तो याचाच भाऊबंद: हाच मासा, हेच उकडणं-धुरावणं, फक्त बुरशीचा भाग तिकडे नाही. आईने मास कधी पाहिलेला नव्हता, पण सुक्या माशाची परीक्षा तिला शिकवावी लागत नाही. "ओल नाही जराही," हा तिचा शेरा.

लाकडी पेटीला उलटं रंध्याचं पातं बसवलेलं असतं, त्यावर हा तुकडा घासला की पातळ गुलाबी पापुद्रे पडतात. बाईंनी त्याच दुकानात छोट्या कपांतून तीन पाणी चाखायला दिली. पहिलं कोंबूचं. कोंबू म्हणजे होक्काइदोहून येणारं जाड, रुंद समुद्री शेवाळ, सुकवलेलं. थंड पाण्यात भिजवायचं, मंद तापवायचं आणि उकळी फुटायच्या आत काढायचं, नाहीतर चिकट आणि कडसर होतं. ते पाणी चाखलं तर नीट सांगता येईना की चव आहे की नाही. दुसरं नुसत्या कात्सुओबुशीचं: धूर, थोडा आंबटपणा, पाठीमागे मासा. तिसरं दोन्हींचं मिळून. आणि इथे आठही जण गप्प झाले. पहिल्या दोन कपांची बेरीज करून ती चव येत नाही, कितीतरी वाढते.

याचं कारण बाईंनी तिथेच, शेवाळाच्या गठ्ठ्यावर कोपर टेकून सांगितलं. १९०८ साली तोक्योच्या विद्यापीठातले रसायनशास्त्रज्ञ इकेदा किकुनाए यांनी कोंबूच्या पाण्यातून ग्लुटामेट वेगळं केलं आणि या चवीला उमामी म्हटलं. त्यांच्याच शिष्याने १९१३ मध्ये कात्सुओबुशीत इनोसिनेट दाखवलं. दोन्ही एकत्र आली की जिभेला चव कितीतरी पटींनी जाणवते. इकेदांच्या शोधातूनच १९०९ मध्ये अजिनोमोटो बाजारात आलं, जे आपल्याकडे गाडीवरच्या चायनीजपायी बदनाम झालं. आईने तिसरा कप पुरा संपवला आणि म्हणाली, "चिंच नाही, खोबरं नाही, मिरची नाही, आणि तरी यात काही कमी वाटत नाही. कसं काय?" थोड्या वेळाने पुढे, "दोन कोकमं टाकली तर?" मी भाषांतर केलं. बाईंनी कोकम म्हणजे काय ते विचारून वहीत लिहून घेतलं.

हे पाणी, दाशी, सगळ्यात असतं. मिसो सूपमध्ये, नूडल्सच्या रश्श्यात, उकडलेल्या मुळ्यात, पालकावर, अंड्यात. वहिनीला आलेल्या त्या ईमेलचा अर्थ आता लागला. शाकाहारी माणसाने जपानात "मासा नको" एवढंच सांगून भागत नाही, "कात्सुओची दाशी नको" असं सांगायला लागतं. बौद्ध मठांच्या स्वयंपाकात कोंबू आणि सुक्या शिताके मशरूमची दाशी असते, ती चालते.

त्याच दुकानाच्या कोपऱ्यात हिरवट-तपकिरी दाण्यांची बरणी होती. बाईंनी चिमूटभर चुरा आईच्या तळहातावर ठेवला. सान्शो, भाजलेल्या वामेवर भुरभुरतात. आईने हुंगलं आणि माझ्याकडे पाहिलं. "तिरफळ." अगदी तेच नाही, लिंबाची झाक जास्त, पण जीभ तशीच झिणझिणते. बाईंना खात्री होईना, म्हणून मी तिथेच फोनवर शोधलं. दोन्ही एकाच वनस्पतीकुळातली, एकाच वंशाची झाडं. बांगड्याच्या आमटीत आपण तिरफळ ठेचून टाकतो ते मासळीचा हिवस वास मारायला. इथेही वामेच्या चरबीवर ते त्याचसाठी. माझ्यापुरते टूरचे पैसे या बरणीपाशी वसूल झाले.

पुढचं दुकान तामागोयाकीचं. चौकोनी तांब्याच्या तव्यावर अंड्याचा पातळ थर ओतायचा, गुंडाळायचा, पुन्हा ओतायचा, पुन्हा गुंडाळायचा. एक आचारी चार-पाच तवे एका वेळी सांभाळत होता. अंड्यात दाशी आणि साखर. तोक्योकडचं जास्त गोड असतं. काडीला लावलेला गरम तुकडा दीड-दोनशे येनला मिळतो, बाजारातली सगळ्यात स्वस्त आणि माझ्या मते सगळ्यात नीट केलेली गोष्ट. आईला ती गोडी पटली नाही. "अंड्यात साखर? मग केकच करा की." ऑस्ट्रेलियातल्या छोट्या मुलाने तिचा उरलेला तुकडा घेतला. या दुकानांचा खरा धंदा काडीचा नाहीच, मागे अख्खे ठोकळे बांधून सुशीवाल्यांकडे जातात. बाईंनी मागचं दार दाखवलं तेव्हा मोपेडवर ठोकळे चढत होते.

असंच सगळीकडे होतं. पुढे पर्यटकांसाठी काडी, मागे हॉटेलांसाठी खोकं. आचारी लोक भल्या पहाटेपासून येतात, म्हणून पाहुण्यांनी नऊनंतर या अशी बाजाराची विनंती असते. आम्ही आत शिरलो तेव्हा त्यांची शेवटची गडबड चालू होती. रबरी बूट घातलेला एक माणूस शिताकेची टोपली खांद्यावर घेऊन आमच्यातून असा गेला की आम्ही तिथे नाहीच. मला ते बरं वाटलं. बाजाराने आपल्याकडे दुर्लक्ष करावं, हे बाजार जिवंत असल्याचं लक्षण.

टूनाच्या दुकानापाशी आईची खरी परीक्षा झाली. तिची मासळी घ्यायची रीत सगळ्या कोकणाची असते तीच: कल्ले उघडून लाल आहेत का बघायचं, डोळा फुगीर आहे का, बोटाने दाबून खड्डा भरतो का. इथे कल्ले नाहीत, डोळे नाहीत, शेपटी नाही. लालभडक मांसाचे चौकोनी ठोकळे, प्रत्येकावर गावाचं नाव आणि भाव. "हा ताजा कशावरून?" बाईंनी मालकाला विचारलं. त्याचं उत्तर लांबलचक निघालं. लिलावात व्यापारी माशाच्या शेपटीचा कापलेला भाग विजेरीने बघतात, मांसाचा कण बोटांत चोळून चरबी जोखतात. त्यावरून बोली. म्हणजे कल्ल्याचं काम तिथे आधीच झालेलं असतं, गिऱ्हाइकाने फक्त दुकानावर भरवसा ठेवायचा. आणि दुसरं, जे आईला मुळीच पटलं नाही: मोठा टूना पकडल्या दिवशी सगळ्यात चांगला लागत नाही. बर्फात काही दिवस मुरला की चव येते. लांबच्या समुद्रातला मासा तर बोटीवरच उणे साठ अंशांवर गोठवतात आणि तो कच्चा खायला उत्तम समजतात.

"आणि बांगडा? बांगडा पण कच्चा?" आईने शेजारच्या बर्फाकडे बोट केलं. जपानी बांगडा, साबा, आपल्यापेक्षा मोठा, पाठीवर नागमोडी पट्टे. बाई हसल्या नाहीत, उलट गंभीर झाल्या. बांगड्यात अनिसाकिस नावाचा जंत असतो, पोटात गेला तर भयंकर दुखतं. म्हणून तो आधी मिठात आणि मग व्हिनेगरमध्ये मुरवतात. पण व्हिनेगरने जंत मरत नाही. उणे वीस अंशांवर चोवीस तास गोठवला तर मरतो, किंवा अर्थातच शिजवला तर. आईने या एका वाक्यावर विजयी मुद्रेने माझ्याकडे पाहिलं.

मालकाने टूनाचे तीन तुकडे ताटलीत दिले. आकामी म्हणजे पाठीकडचं लाल मांस, चूतोरो मधलं, आणि ओतोरो पोटाकडचं, चरबीने जवळजवळ पांढरट. भाव याच क्रमाने चढत जातो. गंमत अशी की एदोच्या काळात ही पोटाची चरबी कुणी विचारत नव्हतं. बर्फ नव्हता, ती लवकर खराब व्हायची, लोक लाल मांस सोया सॉसमध्ये बुडवून टिकवायचे. मला ओतोरोचा दुसरा घास नको झाला, लोण्यासारखा टाळूला चिकटतो. आकामी मात्र पुन्हा मागून घेतला. त्याहून आवडलं ते नाकाओची: कण्याच्या काट्यांमधलं मांस चमच्याने खरवडून काढलेलं, वाटीत नुसतं. दिसायला ओबडधोबड म्हणून स्वस्त. आईने कच्चा मासा खायचा नाही असं घरून ठरवून आणलं होतं. तरी तिने आकामीचा एक तुकडा खाल्ला. चावला, गिळला, आणि म्हणाली, "वास नाही. कुप्याला वास नाही म्हणजे कमाल आहे." आपल्याकडे कुपा म्हटला की रक्ताचा उग्र वास, म्हणूनच तो तिखट-चिंचेत घालतात. इथे मासा बोटीवर येताच मेंदूवर घाव घालून मारतात, मज्जारज्जूत तार घालतात, रक्त काढून टाकतात आणि लगेच बर्फात. मांसात रक्त साकळत नाही, फरक तिथे पडतो. ससून डॉकला किंवा भाऊच्या धक्क्याला येणारा मासा तडफडून मेलेला असतो, मग उन्हात टोपलीत पडतो. आपली मासळी कमअस्सल नाही, तिची मरणानंतरची आबाळ जास्त आहे.

उनीवर फार लिहित नाही. ऑस्ट्रेलियन आजोबांनी रांगेत उभं राहून घेतली आणि ती कडू लागली. कडवटपणा बऱ्याचदा तुरटीचा असतो. आकार टिकावा म्हणून तुरटीच्या पाण्यातून काढतात, असं बाई म्हणाल्या. खाऱ्या पाण्यात ठेवलेली मागावी. कालवंही बसून खाल्ली, तळहाताएवढ्या शिंपल्यातली, लिंबू पिळून. वाग्यूच्या काडीला मात्र मी आजही नाही म्हणेन. बीफचा इथल्या बाजाराशी काय संबंध, आणि एका काडीच्या भावात मघाच्या दुकानातून चांगली कात्सुओबुशी येते.

सुऱ्यांच्या दुकानात आम्हाला थोडकाच वेळ थांबायचं होतं, पण आई तिथून निघेना. मासा कापायच्या सुरीला इथे एकाच बाजूने धार असते. साशिमीची, म्हणजे कच्च्या माशाचे काप करायची, सुरी लांब आणि अरुंद, ती पुढे-मागे करायची नाही, एकदाच ओढायची, म्हणजे काप गुळगुळीत निघतो. आईचा आयुष्यभराचा अनुभव आडाळ्याचा: पातं जमिनीवर स्थिर आणि मासा हलता. तिने हवेत दोन्ही हातांनी करून दाखवलं. दुकानातला धार लावणारा पोरगा काम थांबवून बघत राहिला. पातं पायाने दाबून बसतात हे कळल्यावर तो बाईंना काहीतरी म्हणाला. बाईंनी सांगितलं, "विचारतोय, बोटं शाबूत राहतात का?" आईने दहाही बोटं पसरून दाखवली.

बाजार संपतो तिथे नामियोके इनारीचं देऊळ आहे, छोटंसं. भराव घालताना लाटा तो पुन्हा पुन्हा वाहून न्यायच्या. एका रात्री पाण्यावर उजेड तरंगताना दिसला, त्यात देवाची मूर्ती सापडली, तिची स्थापना केली आणि लाटा निवल्या, अशी कथा. साल १६५९. आत दोन प्रचंड सिंहमुखं आहेत, जूनमधल्या उत्सवात सिंहमुखांची मिरवणूक निघते. मला विशेष वाटलं ते अंगणातल्या दगडांचं. एक दगड कोळंबीसाठी, एक अंड्यासाठी, एक सुशीसाठी, एक जिवंत माशांसाठी. ज्यांच्यावर आपलं पोट चालतं त्यांची आठवण म्हणून व्यापाऱ्यांनी उभारलेले. आईने अंगठी काढून पर्समध्ये टाकली, दगडी कुंडावर हात धुतले आणि कोळंबीच्या दगडापुढे नमस्कार केला. नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ देणाऱ्या गावची बाई ती, तिला यात नवल काहीच वाटलं नाही.

शेवटचा थांबा सुशीचा. आठ-दहा खुर्च्यांचा काउंटर, पलीकडे आचारी. वासाबीची मुळी शार्कच्या कातड्याच्या किसणीवर गोल गोल घासून दिली. ट्यूबमधली हिरवी पेस्ट बहुतेक वेळा दुसऱ्याच एका तिखट मुळ्याची असते. खरी वासाबी कमी झणका देते आणि थोडी गोडसर लागते, पण किसल्यावर काही मिनिटांतच तिचा दम जातो. सुशी आपल्याला आज महागडी वाटते, पण भातावर मासा दाबून हातात द्यायची ही तऱ्हा एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीची, एदोच्या रस्त्यावरच्या गाड्यांची. हानाया योहेई नावाच्या विक्रेत्याला तिचं श्रेय देतात. तेव्हाचा घास आजच्यापेक्षा मोठा असायचा, उभ्याउभ्या खायचा. म्हणून हाताने खाल्लेली चालते, नव्हे, तसंच खावी. आईला हे ऐकून सुटल्यासारखं झालं, चॉपस्टिकशी तिचं सकाळपासून जमत नव्हतं. भात कोमट, व्हिनेगरचा. तिने शिजवलेली वाम, उकडलेली कोळंबी आणि अंडं घेतलं. मी आधी पांढरे मासे, मग चरबीचे, असं सांगितलेल्या क्रमाने गेले. आल्याचं लोणचं दोन घासांच्या मध्ये खायचं, सुशीवर ठेवायचं नाही, हेही तिथेच कळलं.

इथे टूर संपली. बाईंनी हिशेब मिटवला, नकाशावर आवडतील अशा आणखी दोन-तीन दुकानांवर खुणा करून दिल्या. रिकाम्या झालेल्या आतल्या बाजाराच्या जागेबद्दल मी विचारलं. तिथे पन्नास हजार प्रेक्षकांचं स्टेडियम, हॉटेलं, कार्यालयं होणार आहेत, २०२४ मध्ये कंपन्यांचा गट निवडलाय. बाहेरचा बाजार राहील असं सगळे म्हणतात. "राहील," बाई म्हणाल्या, "पण खोकी उचलणारे किती आणि काड्या खाणारे किती, ते बघायचं." त्यांच्या म्हणण्याचा रोख माझ्यासारख्यांवरच होता आणि तो योग्य होता. जाणाऱ्याला मी एवढंच सांगेन की भरपूर खायला मिळेल म्हणून ही टूर घेऊ नका, त्याच पैशांत एकटं फिरून जास्त खाता येतं. घरी स्वयंपाक करत असाल तर घ्या, कच्चा मासा खात नसाल तरी घ्या. आणि पिशवी रिकामी न्या.

आम्हाला जाताना निबोशी हव्या होत्या. तारलीसारखे छोटे मासे, उकडून सुकवलेले. यांचीही दाशी होते, कात्सुओबुशीपेक्षा रांगडी आणि स्वस्त. म्हणून बाई आम्हाला परत एका सुक्या मालाच्या दुकानात सोडायला आल्या. दुकानात साठीच्या एक आजी बसल्या होत्या. त्या एकेक मासा घेऊन डोकं मोडत होत्या आणि पोटातला काळा भाग नखाने काढून टाकत होत्या, कारण तो ठेवला तर पाणी कडू होतं. आई दोन मिनिटं बघत उभी राहिली, मग स्टूल ओढून बसली आणि ढिगातला एक उचलला. अंगठ्याच्या एका दाबात डोकं आणि पोट दोन्ही बाहेर. मग दुसरा, तिसरा. सुकट निवडण्यात हयात गेलेली. आजींचा हात थांबला. त्या मोठ्याने काहीतरी म्हणाल्या आणि दुकानातली माणसं हसली.

"म्हणतायत," बाईंनी सांगितलं, "उद्या पहाटे पाचला येणार असाल तर काम आहे."

मी आईला सांगितलं. ती हातातला मासा मोडतच म्हणाली, "पगार विचार."